तिवराच्या मुळांवरचं लाल शेवाळ

समुद्रशेवाळ पाहायला सुरतेला कुणी येत नाही. अभ्यासक थेट सौराष्ट्राचा खडकाळ किनारा गाठतात: ओखा, द्वारका, वेरावळ. सुरतेकडे खडक थोडे आणि गाळ अमाप. पाणी इतकं गढूळ, की हात बुडवला तर बोटं दिसत नाहीत. ऊन खाली पोचत नाही, म्हणून तळाशी शेवाळ तगत नाही. तरी एक इवलंसं लाल शेवाळ इथल्या चिखलात सुखाने राहतं, कारण त्याने घर तळाशी न करता झाडाच्या मुळांवर केलं आहे.

डुमसच्या दक्षिणेला मिंढोळा नदी समुद्राला मिळते. तिथल्या खाजणात ओहोटी चांगली लागल्यावर उतरायचं. उधाणाला इथे पाणी पाच-सहा मीटर चढतं-उतरतं, त्यामुळे परतीची वेळ आधी ठरवूनच पाय टाकावा. पाणी हटलं की तिवर या खारफुटीच्या झाडाखाली चिखलातून उभी राहिलेली, पेन्सिलीएवढी श्वासमुळं उघडी पडतात. मुळाचं टोक उन्हाने कोरडं असतं, बुडखा गाळात असतो. मधल्या ओलसर, सावलीतल्या पट्ट्यात काळपट जांभळी लव दिसते. उभ्याने पाहिलं तर तो चिखलच वाटतो.

मूळ मोडायचं नाही. बोथट सुरीने चिमूटभर लव खरवडून खाडीच्याच पाण्यात ठेवायची. घरी पसरट ताटलीत मऊ कुंचल्याने गाळ सुटा केला की आकार उलगडतो. जेमतेम दोन-तीन सेंटिमीटर लांबीच्या, मिलिमीटर-दोन मिलिमीटर रुंद पट्ट्या. थोड्या थोड्या अंतरावर आवळलेल्या, प्रत्येक पेरापाशी दुभंगणाऱ्या. पेरांच्या खालच्या बाजूने बारीक तंतू निघतात आणि मुळाची साल धरून ठेवतात. सूक्ष्मदर्शकाखाली मधली शीर स्पष्ट दिसते. तिच्या दोन्ही बाजूंचं पातं केवळ एका पेशीच्या जाडीचं असतं.

हे कॅलोग्लोसा लेप्रियुरी. फ्रेंच गयानातून लेप्रियर यांनी पाठवलेल्या नमुन्यांवरून माँताञ यांनी १८४० मध्ये या जातीचं पहिलं वर्णन केलं. जगभरच्या उष्ण किनाऱ्यांवरील खारफुटीत ती बोस्ट्रिकिया आणि कॅटेनेला या लाल शेवाळांच्या शेजाराने वाढते.

लाल रंग फायकोएरिथ्रिन या प्रथिनाचा. हिरवा-निळसर प्रकाश टिपून तो हरितद्रव्याकडे सोपवणं हे त्याचं काम. एक पट्टी कढत पाण्यात बुडवून पाहावी: प्रथिन बिघडतं, लाली जाते आणि आत दडलेला हिरवा रंग वर येतो.

इथे जगणं सोपं नाही. भरतीला खारं पाणी, पावसाळ्यात नदीचं गोडं, ओहोटीला तासन्‌तास कोरडी हवा. हे बदल सोसण्यासाठी पेशी मॅनिटॉल नावाचं साखरेच्या जातीचं द्रव्य साठवते आणि बाहेरच्या खारेपणानुसार त्याचं प्रमाण कमी-जास्त करते. वंश वाढवणंही सोपं नाही: लाल शेवाळांच्या नरपेशींना शेपटी नसते. त्यांना पोहता येत नाही. पाणी नेईल तिकडे त्या जातात. पण ग्रॅसिलेरिया या लाल शेवाळाच्या नरपेशी इडोटिया नावाचे चिमुकले कवचधारी जीव अंगावर वाहून नेतात, हे २०२२ मध्ये फ्रान्समधल्या संशोधकांनी दाखवलं. फुलांचं परागीभवन कीटक करतात, तसंच काम शेवाळांतही चालतं हे त्यातून कळलं.

भारतीय वन सर्वेक्षणाच्या २०२१ च्या अहवालात गुजरातची खारफुटी १,१७५ चौरस किलोमीटर आहे. पश्चिम बंगालनंतर देशात सर्वांत जास्त. लागवड होते, किती रोपं जगली हेही मोजलं जातं. पण खाजण म्हणजे नुसती झाडं नव्हेत. श्वासमुळांवर शेवाळ, शेवाळात गाळ, गाळात बारीक किडे, त्यांच्यावर मासे-खेकडे, असा तो संसार आहे. मुळांवर भराव पडला किंवा तेलाचा थर बसला, तर झाड काही काळ उभं दिसेल, मुळांवरची लव मात्र आधी जाईल. म्हणून नव्या लागवडीची तपासणी करताना रोपांबरोबर मुळांवर काय परत आलं, याचीही नोंद व्हायला हवी. आणि सुरतेतल्या मराठी घरांतली जी मुलं जीवशास्त्र शिकतात, त्यांनी एक साधं भिंग घेऊन, जाणत्या माणसाच्या सोबतीने, एकदा तरी ओहोटीला तिवराखाली वाकून पाहावं. पुस्तकातल्या आकृतीपेक्षा तिथे जास्त शिकायला मिळतं.