व्हिस्कीच्या पिंपातली वाईन आमच्या घरी येते

गेल्या डिसेंबरात आमचा धाकटा सुट्टीवर आला. तो ॲडलेडला असतो. बॅगेतून नेहमीप्रमाणे एकेक वस्तू निघू लागली. ह्यांच्यासाठी स्वेटर, सासूबाईंसाठी गुडघ्याचा पट्टा, सूनबाईसाठी (म्हणजे थोरल्याच्या बायकोसाठी) बाळाची टोपडी, आणि सर्वांत शेवटी टॉवेलात गुंडाळलेली एक काळपट बाटली.

"आई, ही तुझ्यासाठी," तो म्हणाला.

मैत्रिणींनो, खरे सांगते, माझ्या पोटात गोळाच आला. कारणही तसेच होते. लहानपणी मी सुट्टीत आत्याकडे राहायला जात असे. दिवेलागण झाली की आत्याचे कान दाराकडे लागायचे. पावलांच्या आवाजावरून ती ओळखायची, आज काका कसे आले आहेत ते. पाऊल अडखळले की आम्हा पोरांना न जेवताच अंथरुणात घालायची. पगाराच्या दिवशी ती स्वतः कारखान्याच्या फाटकाशी जाऊन उभी राही. तिच्या हातातल्या बांगड्या एकेक करून गेल्या त्या मी पाहिल्या आहेत. म्हणून लग्न झाल्यावर पहिल्याच महिन्यात मी ह्यांना सांगून टाकले, "बाहेर काय ते तुमचं तुम्ही बघा, पण घरात बाटली यायची नाही." ह्यांनी तो शब्द छत्तीस वर्षे पाळला.

आणि आता पोटच्या पोरानेच बाटली आणली, तीही माझ्यासाठी!

माझा चेहरा पाहून तो म्हणाला, "आई, तू म्हणशील तर आत्ता मोरीत ओततो. पण आधी ही काय आहे ते ऐक तरी. ही साधी वाईन नाही. व्हिस्कीच्या पिंपात मुरवलेली आहे."

"म्हणजे करेला नीम चढा!" सासूबाई आतून म्हणाल्या. पण चुलीपाशी जन्म गेलेल्या बाईला 'मुरवलेली' हा शब्द ऐकून गप्प बसवते का? मी विचारले, "पिंपात मुरवून काय होतं रे?"

हिंगाच्या डब्याची गोष्ट

त्याने सांगितले आणि मी मागाहून वाचून ताडून पाहिले, ते असे.

वाईन म्हणजे आंबवलेला द्राक्षाचा रस. काळ्या द्राक्षांची साले रसातच ठेवून आंबवली की ती लाल होते. तिच्यात मद्यार्काचे प्रमाण साधारण बारा ते पंधरा टक्के. व्हिस्की धान्याची. आंबवण आधी ऊर्ध्वपातन करून गाळतात, म्हणून ती चाळीस टक्के आणि वर. दोन्हींना चांगले वळण लागते ते ओक नावाच्या झाडाच्या लाकडी पिंपात. हे लाकूड पाझरत नाही, पण किंचित श्वास घेते. शिवाय स्वतःचा वास देते. आपल्या व्हॅनिला इसेन्सचा जो मुख्य वास तो ओकमध्ये असतो. लवंगेला जो घटक वास देतो, तोही असतो. अमेरिकन ओकमध्ये खोबऱ्यासारखा वासही असतो.

अमेरिकेत बर्बन नावाची व्हिस्की करतात. तिथल्या कायद्याप्रमाणे ती आतून जाळून कोळसा केलेल्या कोऱ्या ओकच्या पिंपातच ठेवावी लागते. एकदा वापरलेले पिंप पुन्हा बर्बनला चालत नाही. मग ही हजारो पिंपे जातात कुठे? स्कॉटलंडला आणि आयर्लंडला. तिथे त्यांत स्कॉच आणि आयरिश व्हिस्की वर्षानुवर्षे मुरते. आणि अलीकडे काही वाईनवाले ती पिंपे घेऊन शेवटचे थोडे दिवस त्यांत आपली लाल वाईन ठेवतात. कॅलिफोर्नियात २०१४च्या सुमारास बर्बनच्या पिंपातली वाईन बाजारात आली. ऑस्ट्रेलियातल्या जेकब्स क्रीक कंपनीची 'डबल बॅरल' शिराझ स्कॉचच्या जुन्या पिंपात शेवटचा हात फिरवून निघते. आमच्या बाटलीवर तेच नाव होते. ही कंपनी बरोसा खोऱ्यातली. तिथे योहान ग्राम्प नावाच्या जर्मन माणसाने १८४७ साली वेल लावले होते.

आपल्याला हे कळायला कठीण नाही. हिंगाच्या रिकाम्या डब्यात चार दिवस साखर ठेवून पाहा! डबा रिकामा असला तरी हिंग त्याच्या अंगात भिनलेला असतो. पिंपाचेही तसेच. व्हिस्की गेली तरी तिचा वास आणि जळक्या लाकडाचा धूर फळ्यांत राहतो. म्हणूनच वाईन त्यात फार दिवस ठेवत नाहीत. बहुतेक मुरणे आधीच साध्या पिंपात झालेले असते, इथे फक्त शेवटचा धुंगार. जास्त झाला तर डाळीत जशी फक्त धुराचीच चव उरते, तसे द्राक्ष हरवून जाते.

आपल्या पुणे जिल्ह्यातही

हे सगळे परदेशातच चालते असे समजू नका. आपल्या नारायणगावला शामराव चौगुले यांनी १९८०च्या दशकात फ्रेंच तंत्रज्ञांच्या मदतीने वाईनचा कारखाना काढला. तिथली 'ओमर खय्याम' ही फसफसणारी वाईन परदेशी जात असे. पुढे तो उद्योग बुडाला. नाशिकला राजीव सामंत यांच्या सुला कंपनीची पहिली वाईन २००० साली आली, आणि २००१ साली राज्य सरकारने द्राक्षप्रक्रियेचे धोरणच जाहीर केले. अकलूजला मोहिते-पाटील बंधूंनी इटालियन भागीदारांबरोबर 'फ्रातेल्ली' उभी केली. त्यांची 'सेट्टे' ही लाल वाईन ओकच्या पिंपात मुरते. उलटा प्रवासही आहे. हरियाणातली 'इंद्री' ही भारतीय व्हिस्की काही अंशी वाईनच्या जुन्या पिंपांत मुरवलेली असते. म्हणजे पिंपे इकडून तिकडे, तिकडून इकडे.

अर्धी वाटी

दोन दिवस ती बाटली फडताळात उभी होती. तिसऱ्या दिवशी रविवार. मीच म्हटले, "काढ रे. ज्या वस्तूला जन्मभर भ्याले, ती एकदा बघू तरी दे."

डिसेंबर असल्याने बाटली तशीच चालली. उन्हाळा असता तर अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवावी लागली असती. लाल वाईन सोळा ते अठरा अंशांवर प्यायची, आणि आपली पुण्याची मे महिन्यातली खोली पस्तीसला असते. घरात पाय असलेले पेले नव्हते, सरबताचे काचेचे घेतले. प्रत्येकात अर्धी वाटी, जास्त नाही.

आधी पाहायचे. पांढऱ्या टेबलक्लॉथवर पेला तिरपा धरला. रंग पिकल्या जांभळाच्या रसाचा, कडेला किंचित विटकरी. मग पेला गोल फिरवून वास घ्यायचा. मला आधी काळ्या मनुकांचा आला, मग कस्टर्डचा, आणि मागून चुलीचा.

सासूबाई हे सर्व जपमाळ हातात घेऊन पाहत होत्या. "आण इकडे, वास घ्यायला काय जातंय," म्हणाल्या. चष्मा वर करून वास घेतला आणि म्हणाल्या, "लवंग आहे गं यात. आणि आमच्या माहेरच्या लाकडी पेटाऱ्याचा वास." धाकटा चकितच झाला! लवंगेचा तो वास खरोखरच लाकडातून येतो, आणि शहाऐंशी वर्षांच्या नाकाने तो पहिल्या झटक्यात पकडला होता.

मग घोट. मला वाटले होते गोड असेल. मुळीच नाही. आधी आंबट, मग जांभूळ खाल्ल्यावर जीभ जशी जड होते तशी तुरट. हा तुरटपणा सालींचा, बियांचा आणि लाकडाचा. जास्त उकळलेल्या चहात असतो तोच. घोट लगेच न गिळता तोंडात फिरवला तेव्हा भाजलेल्या खारकेसारखे काहीसे लागले. गिळल्यावर मात्र घशात ऊब उतरली, आणि व्हिस्कीची ओळख पटली. वाईट होती का? नाही. मला रोज आवडेल का? तेही नाही. पण एवढी गुंतागुंतीची असेल असे वाटले नव्हते.

बरोबर काय करावे याचा मी विचार करून ठेवला होता. तिखटजाळ काही नको, कारण मद्याने तिखट अधिकच झोंबते. वांग्याचे भरीत केले, विस्तवावर भाजून, तिखट बेताचे. धुराला धूर जुळला. भाजलेले शेंगदाणे आणि चीजही चांगले गेले. श्रीखंड मात्र अजिबात नको. गोडाबरोबर ती आंबट आणि कडू लागते.

दोन प्रसंग

तेवढ्यात शेजारचे स्नेही आले. त्यांनी सूनबाईपुढे पेला केला. "अहो, घ्या की! वाईनच आहे, दारू थोडीच आहे. एका घोटाने काय होतंय!" सूनबाईला पाचवा महिना. ती बिचारी माझ्याकडे पाहू लागली.

मी पेला बाजूला केला. म्हटले, "भावजी, वाईन ही दारूच आहे. आणि आमच्या सुनेला एक घोटसुद्धा नको."

हे मी रागाने बोलले नाही, हिशेबाने बोलले. १५० मिलिलिटर वाईन, १४ टक्के धरा, म्हणजे २१ मिलिलिटर मद्यार्क. तीस मिलिलिटरचा व्हिस्कीचा लहान पेग, आपल्याकडे ४२.८ टक्क्यांचा, म्हणजे तेरापेक्षा कमीच. तेव्हा 'नुसती वाईन' म्हणणाऱ्यांनी पेला मोजावा! गरोदरपणात कितीही थोडे मद्य सुरक्षित म्हणता येत नाही. ते नाळेतून बाळापर्यंत पोचते. जागतिक आरोग्य संघटनेने तर जानेवारी २०२३ मध्ये सर्वांनाच सांगितले की, आरोग्याला सुरक्षित अशी मद्याची मात्राच नाही. बायकांच्या स्तनाच्या कर्करोगाचा धोका त्याने वाढतो हेही आता पक्के आहे. लाल वाईन हृदयाला चांगली असे पूर्वी छापून येई, त्यावर आता विसंबू नये.

दुसरा प्रसंग पाहुणे गेल्यावरचा. हे सावकाश म्हणाले, "छत्तीस वर्षांत मला कधी विचारलं नाहीस, बाहेर मी काय घेतो, किती घेतो."

"तुम्ही कधी सांगितलंत?" मी म्हटले.

मग त्यांनी सांगितले. फार नव्हते, पण मला वाटत होते त्याहून थोडे जास्त होते. डॉक्टरांनी मधुमेहाच्या गोळ्या दिल्यावरही चालू होते, हेही तेव्हाच कळले. मला वाईट वाटले, पण बरेही वाटले. बाटली घराबाहेर ठेवली म्हणून ती आपल्या संसाराबाहेर राहते असे नाही. फक्त आपल्याला दिसत नाही. दुसऱ्याच आठवड्यात आम्ही दोघे मिळून डॉक्टरांकडे गेलो.

सरकारने जानेवारी २०२२ मध्ये मोठ्या दुकानांतून वाईन विकू देण्याचा निर्णय घेतला, तेव्हा 'वाईन म्हणजे दारू नव्हे' असे बोलले गेले. विरोध झाला आणि तो निर्णय मागे पडला. गावोगावच्या बायकांनी मतदान करून 'बाटली आडवी' केली आहे, ती का, हे आत्याच्या घरी राहिलेल्या मला कुणी सांगायला नको. एका चांगल्या चवीने ते खोटे ठरत नाही. पण न पाहता भिण्यापेक्षा पाहून 'नको' म्हणणे मला आता अधिक बळाचे वाटते.

राहिलेली वाईन? धाकट्याने पुन्हा पेला पुढे केला तेव्हा मी झाकण लावले. "मुरलेली वस्तू लोणच्यासारखी वाढायची," म्हटले, "भाजीसारखी नाही!"

घरात बाटली आलीच तर

• गरोदर आणि अंगावर पाजणाऱ्या बायकांना, मुलांना अजिबात देऊ नये. झोपेच्या, मधुमेहाच्या गोळ्या किंवा अँटिबायोटिक चालू असेल तर आधी डॉक्टरांना विचारावे.

• महाराष्ट्रात मद्य बाळगायला आणि प्यायला कायद्याने परवाना लागतो. परदेशातून येणाऱ्या प्रवाशाला दोन लिटरपर्यंत करमुक्त आणता येते.

• उघडलेली बाटली घट्ट बंद करून फ्रिजमध्ये ठेवावी. तीन-चार दिवसांत चव उतरते.

• साडीवर सांडली तर चोळू नये. कोरड्या फडक्याने टिपून वर मीठ टाकावे आणि गार पाण्याने धुवावे. गरम पाणी नको. रेशमी साडी मात्र सरळ ड्रायक्लीनला द्यावी.

• कुणी आग्रह केला तर "नको" एवढेच पुरे. कारण सांगायची गरज नाही.