तिलिस्म-ए-होशरुबा : मुदत ठरलेले राज्य

काही वर्षांपूर्वी एका छोट्या नियतकालिकात मी बेधडक लिहून टाकले होते, की उर्दू दास्तानांतला ‘तिलिस्म’ म्हणजे आपल्याकडचे पाताळ किंवा मयसभाच. नाव तेवढे वेगळे. तेव्हा मला उर्दू लिपी येत नव्हती. मालेगावात यंत्रमागाच्या एका कारखान्यात मी हिशेब लिहीत असे. तिथल्या एका वृद्ध कारागिराने तो लेख माझ्याकडून वाचून घेतला आणि एवढेच विचारले, “बाबू, पाताल को कोई तोड़ता है क्या?”

मला उत्तर देता आले नाही. पंचेचाळिसाव्या वर्षी मी त्यांच्याकडेच अलिफ-बे गिरवायला बसलो. प्रस्तुत लेख म्हणजे त्या जुन्या विधानाची दुरुस्ती आहे.

अमीर हमजाची दास्तान मूळ फारसीतली. अकबराला ती इतकी प्रिय होती, की त्याच्या चित्रशाळेने तिच्यावर सुमारे 1400 मोठी चित्रे काढली. आज त्यांतली दोनशेही उरलेली नाहीत. पुढे ही कथा उर्दूत आली आणि लखनौच्या दास्तानगोंच्या तोंडी वाढत गेली. मुन्शी नवलकिशोर यांच्या छापखान्याने तिचे 46 खंड काढले. त्यांतला सर्वांत गाजलेला भाग म्हणजे ‘तिलिस्म-ए-होशरुबा’, म्हणजे होश हरपून टाकणारा तिलिस्म. तो 1883 ते 1893 या काळात प्रसिद्ध झाला. पहिले चार खंड मुहम्मद हुसेन जाह यांचे, उरलेले अहमद हुसेन कमर यांचे. एकूण पाने आठ हजारांच्या वर. प्रेमचंदांनी पोरवयात ज्या पुस्तकांचा फडशा पाडला त्यांत हेही होते.

होशरुबा हा जादूगारांनी रचलेला मुलूख आहे. त्याचे तीन भाग : जाहिर, म्हणजे दिसणारा, बातिन, म्हणजे दडलेला, आणि जुलमात, म्हणजे अंधाराचा. जाहिर आणि बातिन यांच्यामध्ये वाहत्या रक्ताची नदी आहे आणि तिच्यावर धुराचा पूल. या सगळ्याचा बादशहा अफ्रासियाब. हमजाच्या फौजेपुढून पळणारा, स्वतःला देव म्हणवणारा लका मदत मागतो आणि अफ्रासियाब ती देतो. तिथून युद्ध पेटते.

आता माझी चूक कुठे झाली ते सांगतो. स्वर्ग आणि पाताळ ही विश्वाच्या रचनेतली स्थाने आहेत. ती कोणी मोडायची नसतात. मयसभा माणसाला फसवते, पण ती एक वास्तू आहे. इंद्रजाल क्षणभराचे. तिलिस्म या तिन्हींत बसत नाही. तो विश्वाचे नियम धाब्यावर बसवून बांधलेला असतो, म्हणून त्याला बांधणारा असतो, कायदा असतो आणि मुदतही असते. त्याला मोडणाऱ्याचे, म्हणजे तिलिस्मकुशाचे, नाव आधीच ठरलेले असते. मोडायची किल्ली ‘लौह’ नावाच्या पाटीवर लिहून तिलिस्मातच कुठेतरी दडवलेली असते. होशरुबाच्या बाबतीत ते नाव आहे हमजाचा नातू असद याचे.

म्हणजे अफ्रासियाबाला आपला शेवट माहीत आहे. तो असदला कैद करू शकतो, पण भाकीत पुसू शकत नाही.

दुसरी गंमत अशी, की या जादूगारांना बेजार करणारे अय्यार जादू करतच नाहीत. अमर अय्यारकडे अख्खे जग मावेल अशी झंबील आणि अदृश्य करणारी घोंगडी आहे खरी. पण त्याची मुख्य हत्यारे म्हणजे वेषांतर, बेशुद्धीची पूड आणि हजरजबाबीपणा. जादूगार मेला की अंधार होतो, वादळ उठते आणि एक आवाज ओरडून सांगतो : मला मारले, माझे नाव अमुक होते. ज्याची सत्ताच भ्रमावर उभी होती, त्याचे खरे नाव मेल्यावर जाहीर होते.

1856 मध्ये कंपनीने अवध खालसा केले, वाजिद अली शहा कलकत्त्याला गेला, वर्षभराने उठाव झाला आणि चिरडला गेला. होशरुबाचा पहिला खंड छापला गेला तो अवध खालसा झाल्यानंतर सत्तावीस वर्षांनी. म्हणून ही कथा म्हणजे अवधचे रूपक, असे मात्र मी म्हणणार नाही. तिलिस्माची कल्पना त्याहून जुनी आहे. पण मुदत संपलेले राज्य ऐकणाऱ्यांच्या घरातले होते, एवढे निश्चित.

1888 च्या सुमारास देवकीनंदन खत्री यांच्या ‘चंद्रकांता’ने तिलिस्म हिंदीत नेला. तिथे जादू गेली आणि कळसूत्री यंत्रे आली. मोडणारा आधीच ठरलेला, हा कायदा मात्र टिकला. मराठीत ‘मुक्तामाला’ (1861) आणि ‘मंजुघोषा’ (1868) यांना आपण ‘अद्भुतरम्य’ असा शिक्का मारून कपाटात ठेवून दिले. अद्भुताचेही नियम असतात आणि ते तपासता येतात, हे मी स्वतः फार उशिरा शिकलो. शिक्का मारण्यात मीही मागे नव्हतोच.

दिल्लीचे अखेरचे नामवंत दास्तानगो मीर बाकर अली 1928 मध्ये गेले. 2005 पासून ही कला पुन्हा रंगमंचावर आली आहे; मराठीतही तिचे प्रयोग होतात. पण आठ हजार पाने सलग वाचणारे थोडेच.

आमच्या मास्तरांना आता दिसत नाही. रविवारी मी त्यांना वाचून दाखवतो. माझे ‘क’ आणि ‘क़’ ते अजून दुरुस्त करतात. आम्ही तिसऱ्या खंडात आहोत. पाताळ कोणी मोडत नाही, हे उत्तर मी त्यांना मागेच देऊन टाकले. त्यावर ते म्हणाले, “फिर आगे पढ़ो.”