कराडचा कौल, 1957

एकोणिसाव्या शतकात अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात गव्हर्नर दरवर्षी निवडला जाई, तोही थेट मतदारांकडून. 1839 साली मार्कस मॉर्टन यांना 1,02,066 पैकी 51,034 मते पडली. जिंकायला निम्म्याहून अधिक मते लागत, त्यांना नेमके एक अधिक मिळाले. थोडी थोडी दारू विकण्यावर बंदी घालणारा आदल्या वर्षीचा कायदा मावळते गव्हर्नर एडवर्ड एव्हरेट यांना भोवला.

आपल्याकडे मुख्यमंत्र्याला अख्ख्या राज्याची मते मागावी लागत नाहीत, पण बहुधा घरचा मतदारसंघ राखावा लागतो. 1957 च्या निवडणुकीत मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाणांचा जीव कराडात टांगणीला लागला होता.

1 नोव्हेंबर 1956 रोजी मराठी-गुजराती द्वैभाषिक मुंबई राज्याची सूत्रे त्यांच्या हाती आली आणि चारच महिन्यांत मतदान. संयुक्त महाराष्ट्राच्या आंदोलनात मुंबईतल्या गोळीबारांत माणसे मेली होती. त्याच प्रश्नावर चिंतामणराव देशमुखांनी केंद्रीय मंत्रिपदावर पाणी सोडले होते. फलटणला 1955 च्या अखेरीस यशवंतरावांनी महाराष्ट्रापेक्षा नेहरूंना मोठे मानल्याचे विधान लोकांच्या मनातून जात नव्हते. कराडात संयुक्त महाराष्ट्र समितीच्या पाठिंब्यावर शेतकरी कामगार पक्षाचे केशवराव पवार उभे राहिले. यशवंतराव निवडून आले, पण मताधिक्य दोन हजारांचेही नव्हते. ज्या गावच्या टिळक हायस्कुलात ते शिकले, तिथे ही गत!

त्या काळी मतपत्रिकेवर शिक्का मारायचा नसे. आडोशामागे प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी, पेटीवर त्याची निशाणी. मतदाराने कागद हातात घेऊन आत जायचे आणि हव्या त्या पेटीत टाकायचा. ज्याला अक्षरओळख नव्हती त्यालाही बैलजोडी ओळखता येत होती. बैलजोडी यशवंतरावांच्या काँग्रेसची. आदल्या निवडणुकीत तिलाच मत दिलेला शेतकरी त्या दिवशी दोन पेट्यांसमोर उभा राहिला असेल, तेव्हा आपल्याच माणसाला राखायचे की महाराष्ट्र मागायचा, हा पेच त्याला एकट्याने सोडवायचा होता. त्या आडोशामागच्या क्षणाचे मोल मला कुठल्याही जाहीर सभेपेक्षा जास्त वाटते.

पेच अवघड होता, कारण दोन्ही बाजूंची माणसे एकाच मुशीतली. बेचाळीसच्या चळवळीत यशवंतराव भूमिगत होते. त्याच मुलखात क्रांतिसिंह नाना पाटील, जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी यांनी इंग्रज सरकारला समांतर असे प्रतिसरकार चालवले. 1943 साली शेणोलीजवळ पगाराची गाडी लुटली ती याच माणसांनी, आणि वसंतदादा पाटील सांगलीचा तुरुंग फोडून निघाले तेही त्याच वर्षी. स्वातंत्र्यानंतर वाटा फुटल्या. वसंतदादा काँग्रेसमध्ये राहिले, तर नाना पाटील कम्युनिस्ट पक्षाकडून 1957 ला साताऱ्यातून लोकसभेत गेले. यशवंतरावांचे देवराष्ट्रे आणि नानांचे येडे मच्छिंद्र ही दोन्ही गावे 1949 मध्ये वेगळ्या झालेल्या दक्षिण साताऱ्यातली, म्हणजे आजच्या सांगली जिल्ह्यातली.

गुजरात, विदर्भ आणि मराठवाड्यातल्या जागांमुळे काँग्रेसची सत्ता टिकली. पश्चिम महाराष्ट्राने मात्र तिला झिडकारले. कराडकरांनी यशवंतरावांना पाडले नाही, हे माझ्या मते महाराष्ट्राचे भाग्य. पडले असते तर दिल्लीत मराठी माणसाची बाजू पटवणारा काँग्रेसजन उरला नसता. मोठ्या फरकाने आले असते तर दिल्लीला लोकांचा राग दिसला नसता. निसटत्या विजयाने दोन्ही साधले.

राग निवडणुकीबरोबर संपला नाही. 30 नोव्हेंबर 1957 रोजी नेहरू प्रतापगडावर शिवछत्रपतींच्या पुतळ्याचे अनावरण करायला आले, तेव्हा वाई आणि पसरणी घाटात समितीने काळी निशाणे धरली. यजमान होते यशवंतराव. आपल्याच जिल्ह्यातल्या रस्त्यावर हजारो माणसे पंतप्रधानांना काय सांगताहेत, हे त्यांनी जवळून पाहिले. द्वैभाषिक चालणार नाही, हे पुढे त्यांनीच दिल्लीला पटवले. 1 मे 1960 रोजी महाराष्ट्र झाला, यशवंतराव त्याचे पहिले मुख्यमंत्री झाले, आणि त्याच वर्षी दक्षिण सातारा जिल्ह्याला सांगली हे नाव मिळाले.