घराची अब्रू आणि बाईची मैत्रीण
जयवंत दळवींच्या कथा-कादंबऱ्यांतील स्त्रिया आपल्याला काय सांगतात?

आपल्या मालवणी मुलखात एक वाक्य प्रत्येक घरात ऐकायला मिळते. "घरातला घरातच ऱ्हवांदे." भांडण झाले, मुलगी माहेरी परत आली, सुनेच्या अंगावर वळ दिसले, की म्हातारी माणसे हळू आवाजात हेच बोलतात. त्यांचा हेतू वाईट असतो असे नाही. गावात तोंडे फार आणि घर एकच, म्हणून ती घर सांभाळू पाहतात. पण प्रश्न असा आहे की, घरातले घरात ठेवण्याची किंमत घरातले कोण मोजते? पुरुष मोजतो की बाई?

हा प्रश्न आपल्याच जिल्ह्यातील एका लेखकाने आयुष्यभर वेगवेगळ्या तऱ्हेने मांडला. वेंगुर्ले तालुक्यातील आरवलीचे जयवंत दळवी. वेतोबाच्या देवळाचे हे गाव. दळवींचा जन्म 1925 सालचा. 1994 साली मुंबईत त्यांचे निधन झाले. 'सारे प्रवासी घडीचे' या पुस्तकामुळे पुष्कळांना ते हसविणारे लेखक म्हणून माहीत आहेत. परंतु त्यांच्या कादंबऱ्या आणि नाटके वाचली की हसू मावळते. बंद दारामागे काय चालते आणि ते झाकण्यासाठी बायकांना काय काय गिळावे लागते, हा त्यांचा खरा विषय आहे. आपल्या घरातील माताभगिनींनी आणि विशेषतः कर्त्या पुरुषांनी त्यांच्या चार कथा तरी समजून घ्याव्यात, म्हणून हा लेखप्रपंच.

वाड्यातील दोन विधवा

पहिली कथा 'अंधाराच्या पारंब्या' या कादंबरीची. तिच्यावरून दळवींनी 'बॅरिस्टर' हे नाटक लिहिले. 1977 साली विजया मेहता यांनी ते रंगभूमीवर आणले आणि त्यातली मावशीही त्यांनीच उभी केली. पुढे त्यांनीच यावर 'रावसाहेब' हा हिंदी चित्रपट केला.

जुना, अंधारा ब्राह्मणी वाडा. विलायतेहून शिकून आलेला बॅरिस्टर. त्याची केशवपन केलेली विधवा मावशी. घराण्यात वेडाचा वारसा आहे आणि त्याची सावली सगळ्या वाड्यावर पडलेली आहे. या वाड्यात भाऊराव आणि राधा हे तरुण जोडपे भाडेकरू म्हणून येते. पुढे भाऊराव जातो, राधा विधवा होते आणि तिच्या डोक्यावरील केसांचा प्रश्न उभा राहतो.

येथे बॅरिस्टरपेक्षा मावशीकडे पाहावे. बॅरिस्टर सुधारक विचारांचा आहे, बोलतो सुंदर, केशवपनाची त्याला चीड आहे. पण कृतीची वेळ येते तेव्हा त्याचे पाऊल पुढे पडत नाही. उलट जिचे स्वतःचे सगळे आयुष्य त्या रूढीने खाल्ले, ती मावशी राधेसाठी तळमळते. आपल्या वाट्याला जे आले ते हिच्या वाट्याला येऊ नये, असे तिला वाटते. सासूने सोसले म्हणून सुनेनेही सोसावे, हा हिशेब आपण नेहमी पाहतो. मावशी तो हिशेब मोडते. वयाने, नात्याने दूर असलेल्या दोन बायकांची ही मैत्री आहे.

पण ती मैत्री हरते. शेवटी राधेचे केस जातात. का हरते? विधवेच्या पुनर्विवाहाचा कायदा तर 1856 सालीच झाला होता. कायदा होता, विलायती शिक्षण होते, मावशीची माया होती. पण मावशीच्या हातात ना पैसा होता, ना घराची मालकी, ना बाहेर जाण्याची वाट. ज्याच्या हातात हे सगळे होते, तो कचरला. नुसत्या मायेने बाई वाचत नाही. मायेच्या हातात थोडी सत्ता असावी लागते.

गावाला ठाऊक असलेले गुपित

दुसरी कथा 'महानंदा'ची. ही तर आपल्या मातीतलीच. गोव्यात आणि आपल्या जिल्ह्यात देवळांना भाविणी वाहिलेल्या असत. देवळाचे आवार झाडणे, दिवाबत्ती करणे हे त्यांचे काम. देवाची म्हणून तिला नवरा नाही आणि नवरा नाही म्हणून ती गावातील पैसेवाल्याची, असा हा धर्माच्या नावाचा व्यवहार होता. तिच्या मुलांना बापाचे नाव लावता येत नसे. बाप कोण हे सगळ्या गावाला ठाऊक असे, फक्त कोणी बोलायचे नाही. असे हे गावाने मिळून राखलेले गुपित!

दळवींच्या कादंबरीत बाबुल हा शिकलेला तरुण मुंबईहून गावी येतो. कल्याणी या भाविणीच्या मुलीवर, महानंदेवर, त्याचे मन जडते. त्याला लग्न करायचे आहे. पण वाटेत देवी उभी, गाव उभा आणि सर्वांत पुढे उभी खुद्द मुलीची आई. कल्याणी दुष्ट नाही. देवीचा कोप होईल या भीतीने तिचे काळीज पोखरलेले आहे. पिढ्यान्पिढ्या बाईच्या मनात भय पेरले की पुढे पहारेकरी ठेवावा लागत नाही. बाईच आपल्या मुलीवर पहारा करते. या कादंबरीवरून शं. ना. नवरे यांनी 'गुंतता हृदय हे' हे नाटक लिहिले आणि ते खूप गाजले.

येथे आपल्याला एक तारीख आठवल्याशिवाय राहत नाही. 16 जून 1936. त्या दिवशी मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी कामाठीपुऱ्यातील भगिनींसमोर भाषण केले. त्यांत मुरळ्या, जोगतिणी, देवदासी अशा स्त्रिया होत्या. हे लाजिरवाणे जीवन सोडा, असे त्यांनी स्पष्ट सांगितले. जी गोष्ट समाज कुजबुजत होता, ती बाबासाहेब भर सभेत, त्याच भगिनींच्या तोंडावर बोलले. देवदासींच्या संरक्षणाचा कायदा मुंबई प्रांतात 1934 साली झाला आणि महाराष्ट्राने निर्मूलनाचा नवा कायदा 2005 साली केला. मधली सत्तर वर्षे मोजा, म्हणजे कुजबुजीचे बळ किती असते ते कळेल.

अंबिका, मथू आणि आपला सिद्धार्थ

तिसरी कथा 'पुरुष' या नाटकाची. 1980च्या दशकात नाना पाटेकर आणि रीमा लागू यांनी ते गाजवले. अंबिका ही शिक्षिका, गांधीवादी मास्तरांची मुलगी. गुलाबराव हा सत्तेतील पुढारी तिच्यावर बलात्कार करतो. कोर्टात तिला न्याय मिळत नाही आणि शेवटी ती स्वतःच त्याला शिक्षा करते.

पण आपल्या वाचकांनी या नाटकातील दुसऱ्या एका पुरुषाकडे पाहणे जरुरीचे आहे. त्याचे नाव सिद्धार्थ. तो दलित चळवळीतील कार्यकर्ता आहे आणि अंबिकेचे त्याच्यावर प्रेम आहे. जातीवरील अन्यायाविरुद्ध तो पेटून उठतो. पण अंबिकेवर अन्याय होतो तेव्हा तो तिच्या पाठीशी उभा राहत नाही. उभी राहते ती मथू, तिची मैत्रीण.

दळवींनी आपल्या कार्यकर्त्याला असे का रंगविले, म्हणून रागावणे सोपे आहे. आपल्या चळवळीत बायकोच्या, बहिणीच्या, सोबतिणीच्या पाठीशी खंबीर उभे राहिलेले पुरुष कमी नाहीत. तरी रागावण्याआधी प्रत्येकाने आपल्या घरात एक नजर टाकावी. मंचावर समतेचे भाषण करून घरी आल्यावर बायकोचा पगार मोजून घेणारा, मुलीच्या पायाला दोरी बांधणारा कार्यकर्ता आपण पाहिलेलाच नाही काय? 20 जुलै 1942 रोजी नागपूरच्या महिला परिषदेत बाबासाहेबांनी सांगितले होते की, लग्नानंतर बाईने नवऱ्याची मैत्रीण म्हणून उभे राहावे, गुलाम म्हणून नव्हे. मैत्रीण हा शब्द त्यांनी लग्नाच्या आत आणला. जो नवरा मैत्री जाणत नाही, त्याच्या घरात गुपिते वाढतात.

गोणपाटाच्या भिंती

चौथी कथा मुंबईची. दळवींची 'चक्र' ही कादंबरी 1963 साली आली. मुंबईच्या झोपडपट्टीतील अम्मा आणि तिचा मुलगा बेनवा यांची ही गोष्ट. 1981 साली तिच्यावर चित्रपट निघाला आणि अम्माच्या भूमिकेसाठी स्मिता पाटील यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

बॅरिस्टरचा वाडा आणि अम्माची झोपडी शेजारी ठेवून पाहा. वाड्याच्या भिंती जाड, म्हणून तेथले पाप शंभर वर्षे आत कुजत पडते. झोपडीच्या भिंती गोणपाटाच्या. तेथे खोकला आला तरी चार घरांना कळतो. गरिबाला गुपित परवडतच नाही! म्हणून शिष्ट लोक झोपडीला नावे ठेवतात आणि वाड्याला मुजरा करतात. अब्रू म्हणजे पुष्कळदा भिंतीची जाडी असते, दुसरे काही नाही.

मात्र आपली माणसे आता सिमेंटच्या घरात राहू लागली आहेत. चांगलेच झाले, ते कष्टाने मिळवले आहे. पण भिंतीबरोबर वाड्याची रीतही आत आली काय, हे पाहायला हवे.

बाईने बाईची गोष्ट सांगितली तेव्हा

दळवी थोर लेखक, पण त्यांच्या कथांत मैत्रीण बहुधा कडेला उभी असते. ती मधोमध कशी येते हे पाहायचे असेल तर रत्नागिरीच्या उर्मिला पवार वाचाव्यात. 'सहावं बोट', 'चौथी भिंत' हे त्यांचे कथासंग्रह, आणि 2003 साली आलेले 'आयदान' हे आत्मकथन. त्यांची आई बांबूची आयदाने विणून घर चालवी. डोक्यावर ओझी घेऊन रत्नागिरीच्या बाजाराला चालत जाणाऱ्या गावच्या बायका त्यात भेटतात. घरात जे बोलता येत नव्हते, ते त्या वाटेवर बोलले जाई. स्वतःच्या संसारातील ओढाताणही उर्मिलाताईंनी झाकली नाही. आपण शिकत गेलो, लिहीत गेलो, तेव्हा घरात काय झाले तेही त्यांनी लिहिले.

त्याआधी 1989 साली त्यांनी मीनाक्षी मून यांच्यासोबत 'आम्हीही इतिहास घडवला' हे पुस्तक केले. दोघींनी आंबेडकरी चळवळीतील वयोवृद्ध स्त्रियांना गाठून त्यांच्या आठवणी लिहून घेतल्या. दोन मैत्रिणी मिळून काय करू शकतात, याचे याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही.

गुपित आणि खाजगी यांतील फरक

याचा अर्थ घरातले सगळे चव्हाट्यावर आणावे असा नाही. खाजगी गोष्ट आणि गुपित यांत फरक आहे. जी गोष्ट आपण आपल्या सुखासाठी, आपल्या मर्जीने राखतो ती खाजगी. जी गोष्ट दुसऱ्याच्या अब्रूसाठी, भीतीने आपल्याला राखावी लागते, ते गुपित. पहिलीला मान द्यावा, दुसऱ्याला तोंड फोडावे.

तोंड कोणापुढे फोडावे? आधी एका मैत्रिणीपुढे. आणि मैत्रिणीची जबाबदारी मोठी आहे. ऐकलेले पाणवठ्यावर नेऊ नये. 'तुझेच काही चुकले असेल' असे म्हणू नये. जरूर पडली तर तिच्यासोबत दवाखान्यात आणि पोलीस ठाण्यात जावे. घरातील हिंसाचाराविरुद्ध 2005 सालचा कायदा आहे, तालुक्याला संरक्षण अधिकारी असतो आणि 181 हा महिलांसाठीचा मदतीचा फोन क्रमांक आहे. मावशीपाशी यातले काहीच नव्हते. आपल्यापाशी आहे.

ही पुस्तके गावच्या, तालुक्याच्या वाचनालयात मागा. महिला मंडळात एकीने वाचावे, बाकीच्यांनी ऐकावे. घरी नवऱ्यालाही ऐकवावे. ऐकता ऐकता एखादी बाई मध्येच उठून आत जाईल, तर वाचणे थांबवा आणि तिच्या मागोमाग जा.