हरवलेल्या डीएलएलचा पत्ता

नवा प्रोग्रॅम टाकावा, आयकॉनवर क्लिक करावे आणि पडद्यावर चौकट यावी : ‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल’ सापडत नाही, प्रोग्रॅम सुरू करता येत नाही. अशी चौकट आली की पुष्कळ जण मशीन उचलून दुकानात नेतात आणि फॉरमॅट मारून आणतात. बहुतेक वेळा त्याची काहीच गरज नसते. काय हवे आहे ते चौकटीने नावानिशी सांगितलेले असते.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायच्या तयार कोडची फाइल. गावात लग्न निघाले की प्रत्येक घर मोठी पातेली विकत घेत नाही, मंडळाची भांडी आणते. तसाच हा व्यवहार. १९८५ साली विंडोजची पहिली आवृत्ती आली ती २५६ केबी मेमरीच्या यंत्रांसाठी. एवढ्याशा जागेत प्रत्येक प्रोग्रॅमने खिडक्या आणि अक्षरे काढण्याचा कोड स्वतःपाशी बाळगणे परवडणारे नव्हते. म्हणून कर्नल, यूझर आणि जीडीआय हे तीन भाग सगळ्यांसाठी सामाईक ठेवले गेले. विंडोजचा डोलारा आजही याच पद्धतीवर उभा आहे.

मराठी माणसाचा तर अशा एका फाइलशी जवळचा संबंध आला आहे. ‘किती’ लिहिताना संगणक आधी ‘क’ साठवतो, मग वेलांटी. पडद्यावर मात्र पहिली वेलांटी अक्षराच्या आधी दिसायला हवी. ‘क्ष’ किंवा ‘र्य’ जोडून दाखवायचा तर वेगळाच खटाटोप. विंडोज २००० पासून हे काम यूएसपी१०.डीएलएल ही फाइल करू लागली. विंडोज एक्सपीत ही सोय मुळात बंद असे. कंट्रोल पॅनलमध्ये भाषेच्या पानावर जाऊन एका चौकोनात खूण करायची, विंडोजची सीडी घालायची, मशीन पुन्हा चालू करायचे. तोवर नोटपॅडमध्ये वेलांट्या भलतीकडे आणि जोडाक्षरांचे पाय मोडलेले. एकदा सोय चालू झाली की तिच्यावर विसंबलेल्या साऱ्या प्रोग्रॅममधले मराठी एका फटक्यात सुधारायचे. सामाईक फाइलचे मोल याहून चांगले कशात दिसणार!

पण सामाईक वस्तूचे दुखणेही सामाईकच. नव्वदच्या दशकात एखादा प्रोग्रॅम आपल्याबरोबर जुनी डीएलएल आणून नवीवर बसवायचा आणि भलताच प्रोग्रॅम बंद पडायचा. जाणकार या छळाला ‘डीएलएल हेल’ म्हणत. विंडोज २००० ने आपल्या महत्त्वाच्या फाइलींवर पहारा बसवला. २००१ च्या एक्सपीने एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवायची सोय केली.

आता दुरुस्तीचे. हरवलेली एकटी फाइल कुठल्या तरी अनोळखी साइटवरून उतरवून सिस्टिम फोल्डरमध्ये टाकू नका, हे मी ठासून सांगेन. तिच्यात व्हायरस असू शकतो, आवृत्ती चुकीची असू शकते, आणि ६४ बिटच्या विंडोजमध्ये फोल्डरही फसवतात : ‘सिस्टिम३२’ मध्ये ६४ बिटच्या फाइली असतात, ‘सिसवॉव६४’ मध्ये ३२ बिटच्या. फाइलचा मालक कोण, ते शोधा. व्हीसीरनटाइम१४० आणि एमएसव्हीसीपी१४० या मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेजमधल्या. ते कंपनीच्या साइटवर फुकट मिळते. ६४ बिटच्या मशीनवर त्याच्या एक्स८६ आणि एक्स६४ या दोन्ही प्रती टाकाव्यात. जुन्या गेमने डी३डीएक्स९_४३ मागितली, तर डायरेक्टएक्सचे जून २०१० चे पॅकेज लागते. फाइल खुद्द विंडोजची असेल, तर अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून ‘एसएफसी /स्कॅननाऊ’ चालवावे. तेवढ्याने भागले नाही तर डीआयएसएम या विंडोजच्याच साधनाने दुरुस्ती करून तीच आज्ञा पुन्हा द्यावी. आणि फाइल त्या प्रोग्रॅमची स्वतःचीच असेल, तर अँटिव्हायरसने ती उचलून क्वारंटाइनमध्ये टाकली आहे का ते बघून प्रोग्रॅम मूळ जागेवरून पुन्हा इन्स्टॉल करावा.

तेव्हा पुढच्या वेळी चौकट दिसली की ‘ओके’ दाबून ती घालवू नका. मोबाइलवर तिचा फोटो काढा, फाइलचे नाव अक्षरन् अक्षर टिपून घ्या आणि मगच दुकानदाराला फोन लावा.