मौन हेही साहाय्यच

नाशिकच्या महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठाशी संलग्न असलेल्या मुंबईतील नायर रुग्णालयात मे २०१९ मध्ये डॉ. पायल तडवी यांचा अंत झाला. ज्येष्ठ सहकारी डॉक्टरांनी जातीवरून छळ केल्याचा आरोप न्यायालयापुढे गेला.

वस्तुतः महाराष्ट्राचा १९९९ चा रॅगिंगविरोधी कायदा सुस्पष्ट आहे. लेखी तक्रार येताच संस्थाप्रमुखाने सात दिवसांत चौकशी करावयाची. हयगय केल्यास तोही गुन्ह्यास साहाय्य करणारा ठरतो. या कायद्याचे मर्म येथेच आहे.

हा दंडक शिक्षणसंस्थांपुरता आहे. सातपूर-अंबडच्या कारखान्यांना तो लागू नाही. तेथे छळाला ‘शिस्त’ म्हणतात, शाळेत ‘थट्टा’. परंतु थट्टेत दोघेही हसतात, छळात एकच. शिस्त कामातील चूक दाखविते. छळ माणसालाच चारचौघांत पुनःपुन्हा हिणवितो, आणि दुबळ्याला उलट बोलण्याची सोय नसते.

म्हणून पीडिताने तारीखवार नोंद ठेवावी, तक्रार लेखीच द्यावी. शाळेला अचानक कंटाळलेल्या मुलाला पालकांनी दटावू नये, विश्वासात घ्यावे. आणि मुख्याध्यापक असो वा व्यवस्थापक, पाहून न पाहिल्यासारखे करणारा निर्दोष नव्हे, हे त्याने कायद्याची वाट न पाहता ओळखावे.