सही कुणाची, शिक्षा कुणाला?

‘सरकारने कोर्टाचा आदेश पाळला नाही’ ही बातमी आपण इतक्यांदा वाचतो की यातला कर्ता नेमका कोण, हे विचारायचं राहूनच जातं. सरकारला काही तुरुंगात टाकता येत नाही. मग जबाबदार कोण?

न्यायालयाचा अवमान म्हटलं की न्यायाधीशांवरची टीका आठवते. तो फौजदारी अवमान. भारताच्या १९७१ च्या कायद्यात दुसराही प्रकार आहे, दिवाणी अवमान: कोर्टाचा आदेश किंवा कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. यात ‘जाणूनबुजून’ हा शब्द महत्त्वाचा. आदेश पोचलाच नाही किंवा पाळणं शक्यच नव्हतं, तर अवमान होत नाही.

आता दोन प्रकरणं बघू. पहिलं लंडनचं. मे १९९१ मध्ये झाएरहून आलेल्या एका शिक्षकाला आश्रय नाकारून विमानात बसवलं गेलं. सरकारी वकिलाने त्याला थांबवण्याची हमी दिली आहे, अशी न्यायाधीशांची समजूत होती. माणूस गेल्याचं कळल्यावर त्यांनी रात्रीच त्याला परत आणायचा आदेश दिला. गृहमंत्री केनेथ बेकर यांनी मात्र परतीची व्यवस्था रद्द केली. राजसत्तेला असा आदेश देताच येत नाही, असा कायदेशीर सल्ला त्यांना मिळाला होता. १९९३ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने हे अमान्य केलं. आदेश चुकीचा वाटत असेल तर कोर्टात जाऊन रद्द करून घ्या, पण तोवर पाळा! अवमान झाला हे ठरलं. फक्त दोष बेकर या माणसावर नाही, तर गृहमंत्री या पदावर ठेवला गेला.

दुसरं आपल्या महाराष्ट्रातलं. वनसंरक्षणाच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने १९९७ मध्ये विनापरवाना सॉ मिल बंद करायला सांगितलं होतं. तरीही काही मिलना परवानगी दिली गेली. मे २००६ मध्ये, परवानगीच्या वेळी वनमंत्री असलेले स्वरूपसिंग नाईक आणि खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना प्रत्येकी एक महिन्याची कैद झाली. माफी मागितली होती, ती कोर्टाने स्वीकारली नाही. इथे शिक्षा पदाला नाही, माणसांना झाली.

फरक लक्षात आला ना? पदाला दोषी ठरवलं की तत्त्व जिंकतं, पण खर्च शेवटी करदात्याच्या खिशातून जातो. माणसाला दोषी ठरवलं की पुढची सही करणारा दोनदा विचार करतो. अर्थात याचीही दुसरी बाजू आहे: वरून तोंडी हुकूम येतो आणि कागदावर सही खालच्याची राहते. म्हणूनच फाइलवर कुणी काय लिहिलं, हे कोर्टापुढे येणं महत्त्वाचं असतं.

आपल्यापैकी अनेकजण परदेशात व्हिसावर राहतो. आपलं इथलं राहणं कुणा अधिकाऱ्याच्या एका सहीवर अवलंबून असतं. तेव्हा पुढच्या वेळी बातमीत ‘प्रशासनाने’ असं वाचलंत, की तीन प्रश्न विचारा: आदेश कुणाच्या टेबलावर आला, कधी आला, आणि त्यानंतर सही कुणी केली?